देवघरातलं पिवळं धान

२००३ सालच्या मार्चमध्ये, इराकवर बॉम्बहल्ले सुरू झाले त्याच आठवड्यात, स्वीडनमध्ये वाढलेली एक इराणी अभिनेत्री आणि चित्रपट-दिग्दर्शिका धारवाडला आली. पाडव्यापर्यंत राहिली. केलगेरी तळ्याच्या बाजूच्या एका घरात तिने आपल्या चित्रपटाचा शेवटचा भाग चित्रित केला. तिचं बोलणं घरच्यांना आणि घरच्यांचं बोलणं तिला सांगण्याचं काम माझ्याकडे होतं.

मी तेव्हा एका मराठी दैनिकाच्या हुबळी कार्यालयात होतो. कार्यालय म्हणजे जुन्या हुबळीच्या तोंडाशी, चपलांच्या दुकानावरच्या दोन खोल्या. राहायला धारवाडला. सकाळी बसने जायचं आणि रात्री बसने यायचं, असं दहा-बारा वर्षं चाललं होतं. अमरगोळच्या बाजाराचे भाव, हमरस्त्यावरचे अपघात, महापालिकेची सभा. बेळगावच्या मुख्य कार्यालयातून फोन आला, की परदेशातून एक पाहुणी येते आहे, इंग्रजी बोलते, तिला मराठी आणि कानडी दोन्ही येणारा माणूस हवा आहे. "जा, आणि बातमी झाली तर बघ," असं सांगितलं. बातमी झाली नाही. त्या दिवसांत पानं युद्धाने भरलेली होती.

तिच्याबरोबर एक कॅमेरामन होता. तो फार बोलत नसे. आल्या दिवसापासून त्याचं पोट बिघडलं होतं आणि तो ताक-भातावर होता. ती पंचविशी ओलांडलेली, उंच, केस अगदी बारीक कापलेले. लॉजच्या व्हरांड्यात बसून तिने मला काम समजावलं. चित्रपट घर सोडून गेलेल्या इराणी माणसांबद्दल होता आणि त्यातही तिच्या आईबद्दल. आईचं काम ती स्वतःच करत होती. स्वीडनमधल्या घरांत काही प्रसंग चित्रित करून झाले होते. शेवटचा प्रसंग राहिला होता. तो धारवाडचाच हवा होता.

तिने सांगितलेली माहिती अशी. वडील ऐंशीच्या सुमाराला धारवाडला संशोधनासाठी आले. आई आणि ती मागाहून, एका हिवाळ्यात, शिराजहून आल्या. ती तेव्हा पाच वर्षांची होती. काही महिन्यांनी आई एकटीच इराणला परत गेली, कारण आजी आजारी होती. तिकडे तेव्हाही युद्ध चालू होतं. आईला पुन्हा बाहेर पडता आलं नाही. वडील मुलीला घेऊन स्वीडनला गेले. पुढे काही वर्षांनी आईचं तिकडेच आजारपणात निधन झालं. वडिलांनी दुसरं लग्न केलं आणि तो विषय बंद केला. ती स्वतः इराणला कधी गेलेली नव्हती.

आईची तिला एकच गोष्ट आठवत होती. बाकी सगळं दोन फोटोंवरून किंवा सांगीवांगीतून आलेलं. आठवण अशी होती. परसात धुण्याचा दगड आहे. आई तिच्यासमोर वाकली आहे. आईच्या हातात गव्हाच्या अंकुरांची जुडी आहे, मुळांना ओली माती आहे. ती जुडी आई तिच्या कानावर, केसांत खोचते. माती मानेवरून खाली जाते. आईचं तोंड दिसत नाही, हात दिसतो. अंकुर पिवळे आहेत.

इराणी नवं वर्ष, नवरोज, मार्चच्या तिसऱ्या आठवड्यात येतं. त्याआधी घरोघर ताटलीत, ओल्या फडक्यावर गहू रुजत घालतात. तो हिरवा गड्डा सणाच्या मांडणीत ठेवतात. तेराव्या दिवशी सगळे गावाबाहेर जातात आणि तो वाहत्या पाण्यात सोडतात. घरातलं वाईट तेवढ्या दिवसांत त्या गवताने ओढून घेतलेलं असतं, अशी समजूत आहे. म्हणून सोडल्यानंतर त्याला कुणी हात लावत नाही. केसांत तर कुणीच खोचत नाही. हेही मला तिनेच सांगितलं.

"मग तुमची आई का खोचायची?" मी विचारलं.

"आमच्या घरात तशी पद्धत होती," ती म्हणाली.

या आठवणीवर तिने आधी एकपात्री नाटक केलं होतं. त्याचे स्वीडनमध्ये बरेच प्रयोग झाले होते. त्यात एक वाक्य होतं: परक्या मातीत गहूसुद्धा पिवळा पडतो. त्या वाक्याला लोक टाळ्या वाजवत, काही रडत. प्रयोगानंतर इराणी बायका आत येऊन भेटत आणि विचारत, अगं, हे केसांचं काय? ती तेच उत्तर देई. आता गोथेनबर्गमधल्या दोन-तीन इराणी घरांत नवरोजला मुलींच्या केसांत अंकुर खोचतात, असं ती म्हणाली. हे सांगताना तिच्या आवाजात अभिमान होता.

घर शोधणं अवघड गेलं नाही. १९९३ साली मी धारवाडमधल्या परदेशी विद्यार्थ्यांवर एक बातमी केली होती. एके काळी इराणी मुलं इथे बरीच असत. त्र्याण्णवपर्यंत बहुतेक निघून गेली होती. तेव्हा केलगेरीकडच्या एका मराठी शिक्षिकेला भेटलो होतो. त्या आपल्या परसातली खोली इराणी विद्यार्थ्यांना भाड्याने देत असत. बोलता बोलता त्यांनी एका इराणी जोडप्याचा आणि त्यांच्या लहान मुलीचा उल्लेख केला होता. तो बातमीचा शेवटचा परिच्छेद होता आणि जागेअभावी कापला गेला. घर माझ्या लक्षात राहिलं.

त्या शिक्षिकाबाईंना सगळी आळी अक्का म्हणायची. मीही म्हणे. २००३ साली त्या सत्तरीच्या पुढे होत्या. नवरा पोस्टात होता, तो वारलेला. धाकटा मुलगा गदगला बँकेत, शनिवारी येणारा. घरात अक्का, सून आणि पाच वर्षांची नात. सून हुबळीच्या कापड-दुकानदारांकडची. तिला मी वहिनी म्हणायचो.

पहिल्या दिवशी कॅमेरा दारापासूनच चालू होता. दिग्दर्शिकेला तसंच हवं होतं. अक्का पायरीवर आल्या, तिच्याकडे बघत राहिल्या आणि मग तिच्या केसांवरून हात फिरवला.

"वेणी कुठे गेली गं तुझी?"

मी सांगितलं. ती हसली. मग उंबऱ्याच्या बाहेर उभ्या उभ्याच तिने प्रश्न विचारला, जो विचारायला ती आली होती. आई माझ्या केसांत गव्हाचे अंकुर खोचायची, ते तुम्हाला आठवतं का? मी तो मराठीत केला.

"हो हो," अक्का म्हणाल्या. "खोचायची की. आत ये आधी."

मी ते इंग्रजीत सांगितलं. दिग्दर्शिकेने डोळे पुसले. कॅमेरामनने मान हलवली, म्हणजे टेपवर आलं, असं.

दुसऱ्या दिवसापासून काम सुरू झालं. परसातली खोली रिकामीच होती. आत गॅसचं जादा सिलेंडर, मोडकी सायकल, पोत्यातले नारळ. वहिनींनी ती झाडून दिली. धुण्याचा दगड जागेवर होता. दिग्दर्शिकेने खोलीच्या खिडकीत दोन ताटल्यांमध्ये ओल्या फडक्यावर गहू घातला होता. तिसरी लॉजवर आधीच रुजवलेली होती, ती चांगली हिरवी झाली होती. आईचा पोशाख फोटोवरून शिवून आणलेला. लहानपणीची ती म्हणून अक्कांची नात उभी राहणार होती.

घरात टीव्ही सतत चालू असे. कानडी बातम्यांत बगदाद जळताना दाखवत. अक्का स्वयंपाकघरातून बाहेर येऊन बघायच्या.

"हे हिच्याकडचं का?"

"नाही अक्का. शेजारचं."

"हिची आई गेली तेव्हा कुणाचं होतं?"

"तेव्हा या दोन शेजाऱ्यांचंच आपसांत होतं."

"हं," म्हणून अक्का दूध बघायला आत जात.

तिसऱ्या की चौथ्या दिवशी दिग्दर्शिकेने हिरवी ताटली परसात आणली आणि दगडावर ठेवली. पोशाख घातला. नातीला समोर उभं केलं. अक्का चिकूच्या झाडाखाली खुर्चीवर बसल्या होत्या.

"हे काय करत्ये ती?" त्यांनी मला विचारलं.

"तेच अक्का. केसांत खोचण्याचा प्रसंग."

"हे?" अक्का उठून ताटलीजवळ गेल्या. फडकं उचलून खाली बघितलं. "याला माती कुठाय? आणि हे हिरवं आहे."

मी सांगितलं. दिग्दर्शिका थांबली. "त्यांना विचारा, तेव्हा कसं होतं?"

"पिवळं," अक्का म्हणाल्या. "मातीतलं. पिवळंच असतं की ते. देवघरात ऊन कुठलं?"

हे वाक्य मी लगेच इंग्रजीत केलं नाही, कारण त्याला आधी समजावून सांगणं भाग होतं. नवरात्रात देवघरात परडीत माती पसरून धान्य पेरतात आणि वर घट ठेवतात. ऊन मिळत नाही म्हणून धान पिवळं उगवतं. दसऱ्याला घट उठला की ते धान उपटून पुरुष टोपीत खोचतात, बायका-मुली केसांत. या भागात मराठी घरांत करतात तसं कानडी घरांतही करतात. मी एवढं सगळं सांगून मग अक्कांचं वाक्य सांगितलं.

नात म्हणाली, "मी बसू का?" आणि दगडावर बसली.

मग दिग्दर्शिका म्हणाली, "ठीक आहे. तुमचा सण. पण हात आईचा होता. तिने तुमचं बघून केलं असेल. विचारा."

मी विचारलं. अक्का माझ्याकडे बघत राहिल्या.

"हिची आई दसऱ्याला नव्हती."

"नक्की?"

"नव्हती म्हणत्ये ना. धाकट्याच्या मुंजीला होती. पाऊस लागायच्या आत गेली. समोरच्या डॉक्टरांकडे फोन आला होता, तिची आई आजारी म्हणून. दसऱ्याला हिचा बाप होता आणि ही होती."

"त्याच्या आदल्या दसऱ्याला?"

"तेव्हा आल्याच नव्हत्या. थंडीत आल्या. ही स्वेटर घालून आली होती, लाल."

मी तोच प्रश्न आणखी दोनदा वेगळ्या शब्दांत विचारला. बातमीदाराची सवय असते.

"पेपरवाले," अक्का म्हणाल्या, "मी कोर्टात उभी आहे काय?"

वहिनींनी मुंजीचा अल्बम आणला. शेवटच्या पानावर बायकांचा घोळका होता. मागच्या रांगेत दिग्दर्शिकेची आई, साडी नेसलेली, पदर उजव्या खांद्यावर. "मी नेसवली होती नीट," अक्का म्हणाल्या. "ती आत जाऊन सोडून परत आपली आपण नेसून आली. म्हटलं इरली, राहू दे." फोटोत आई हसत नव्हती, पण कुणाकडे तरी बघत होती. दिग्दर्शिकेने तिचे आतापर्यंत दोनच फोटो पाहिले होते, दोन्ही स्टुडिओतले. हा तिसरा. तिने तो बराच वेळ हातात धरला. मग विचारलं, "मग हात कुणाचा?"

"माझा," अक्का म्हणाल्या. "सगळे बन्नी द्यायला बाहेर पडलेले. ही मागे दगडाजवळ रडत बसली होती, आई हवी म्हणून. मी घटातलं धान तसंच उपटून आणलं आणि खोचलं. गप्प झाली."

बन्नी म्हणजे शमीची पानं. दसऱ्याला ती सोनं म्हणून एकमेकांना देतात. हेही मी सांगितलं. सांगता सांगता माझ्या लक्षात आलं, की ती ऐकत नव्हती. तिने कॅमेरामनला हाताने खूण केली, आणि मला कळलं की कॅमेरा चालूच होता.

"पहिल्या दिवशी त्या हो का म्हणाल्या?" तिने विचारलं.

अक्कांना राग आला नाही. "दारात उभी होती. चहासुद्धा व्हायचा होता. आईविना पोर एवढ्या लांबून आलेली. तिला पहिला शब्द नाही असा म्हणू?"

त्या दिवशी काम बंद झालं. दुसऱ्या दिवशीही सुरू झालं नाही. मी हुबळीला कार्यालयात जाऊन बसलो. तिसऱ्या दिवशी लॉजवर गेलो तेव्हा दोघं व्हरांड्यात होती. कॅमेरामन तिला सांगत होता, की पहिल्या दिवसाची टेप आहे. त्यात म्हातारी स्पष्ट हो म्हणते. आवाज चांगला आहे, चेहरा चांगला आहे. शेवट त्यावर होतो. बाकीचं कुणाला माहीत नाही.

"हो," ती म्हणाली. "टेप आहे."

मग माझ्याकडे वळून म्हणाली, "तुम्ही कधी घर बदललंय?"

"नाही. धारवाडचाच."

"मग तुम्हाला काय काय आठवतं, ते सगळं इथेच पडलेलं असतं. कुणीतरी रोज दुरुस्त करत असतं. माझं दुरुस्त करायला कुणी नव्हतं. माझ्याकडे इराणचं म्हणून एवढंच होतं. मी त्याच्यावर वीस वर्षं राहिले. ते इराणचं नव्हतं आणि आईचंही नव्हतं." थोड्या वेळाने म्हणाली, "आणि गोथेनबर्गच्या त्या बायका पोरींच्या केसांत तुमचा दसरा खोचतायत." ती हसली. आल्यापासून मी तिला असं हसताना पहिल्यांदा पाहिलं. कॅमेरामन हसला नाही.

संध्याकाळी ती अक्कांकडे गेली, सामान आणायला असं म्हणून. मीही गेलो. अक्का आणि वहिनी ओट्यावर मेथी निवडत होत्या. खिडकीतल्या दोन्ही ताटल्या आता दाट हिरव्या झाल्या होत्या. वहिनी रोज पाणी शिंपडत होत्या.

"टाकायचं कुठे हे?" वहिनींनी विचारलं. "गाईला घालू का?"

"पाण्यात सोडतात ते," अक्का म्हणाल्या. कुणी विचारलं नव्हतं. "हिची आई तळ्यात सोडून आली होती. मी गेले होते बरोबर. मला वाटलं विसर्जन आहे."

मी दिग्दर्शिकेला सांगितलं. ती मेथीच्या जुड्यांसमोर खाली बसली.

"आणखी काय केलं तिने?"

"गवताच्या पात्यांना गाठी मारत होती. एकेक पातं घेऊन. मी म्हटलं, नवस आहे का गं? तिला माझं कळेना, मला तिचं कळेना. मग सगळं पाण्यात सोडलं. मी आपले हात जोडले. तिने माझ्याकडे बघून जोडले."

तेराव्या दिवशी गवताला गाठ मारून मनातली इच्छा धरतात, हे दिग्दर्शिकेने मला नंतर सांगितलं. तेव्हा तिने एवढंच विचारलं, "मी कुठे होते?"

"माझ्या कडेवर. पाण्यात जायचं म्हणून रडत होतीस. चिखलाने माझी साडी भरवलीस."

"मला आठवत नाही."

"तू केवढी होतीस."

"तळ्याच्या कुठल्या बाजूला? तिने काय घातलं होतं? काही म्हणाली का?"

अक्कांनी मेथीची काडी मोडली. "ते आठवत नाही. खोटं कशाला सांगू? एकदा सांगितलं तेवढं पुरे झालं."

दुसऱ्या दिवशी ती पुन्हा कामाला लागली. तिला मातीतलं पिवळं धान हवं होतं. अक्का ऐकेनात. "आमच्यात चैत्रात घट नाही. अवेळी देवीला उठवायची का, सिनेमासाठी?" वाद दोन दिवस चालला. मी दोन्हीकडून बोलत होतो आणि दमलो होतो. तोडगा वहिनींनी काढला. त्या सासूला म्हणाल्या, "अत्या, घट नको. देव नको. परडीत माती घालून कोठीच्या खोलीत ठेवूया अंधारात. मग ते काय, नुसतं धानच."

"फूल वाहायचं नाही त्याला," अक्का म्हणाल्या.

"नाही वाहत."

"नमस्कार नाही करायचा."

"नाही."

"हौदु, बरं. मग पेरा."

त्या वर्षी इराण्यांचा तेरावा दिवस आणि आपला पाडवा एकाच दिवशी आले. सकाळी अक्कांच्या दारात गुढी उभी राहिली. कॅमेरामनने तिचं चित्रण केलं नाही. त्याला ते चित्रपटाशी संबंधित वाटलं नाही. जेवणं झाल्यावर परसात प्रसंग लागला. कोठीतलं धान बोटभर उगवलं होतं आणि पिवळं होतं. दिग्दर्शिकेने आईचा पोशाख बाहेर काढलाच नव्हता. तिने अक्कांची एक जुनी साडी मागून घेतली होती. वहिनींनी ती नेसवली. पूर्ण चित्रपटात ती आईचं काम करत होती. या एका प्रसंगात तिने अक्कांचं केलं.

अक्का स्वयंपाकघराच्या पायरीवर बसून बघत होत्या.

"असं नाही. आधी मूळ झटकायचं. पोरीच्या अंगावर माती पडते."

"मला माती पडलेली आठवते," दिग्दर्शिका म्हणाली.

मी सांगितलं. अक्कांनी विचार केला. "मग त्या दिवशी घाईत असेन मी."

प्रसंग तीनदा घेतला. नात म्हणाली, "गार लागतंय. माती गळ्यात गेली." तेही टेपवर आलं.

संध्याकाळी आम्ही तळ्यावर गेलो. अक्का आल्या नाहीत, गुडघे दुखत होते. जागा कुठली ते कुणालाच माहीत नव्हतं, म्हणून जिथे रिक्षा थांबली तिथे उतरलो. दिग्दर्शिकेने कॅमेरा लावायला सांगितला. स्वतः साध्या कपड्यांत होती. पात्यांना गाठी मारल्या नाहीत. हिरवा गड्डा ताटलीतून काढून पाण्यात सोडला आणि चौकटीतून बाजूला झाली. कॅमेरामनने विचारलं, आता कोण येणार? ती म्हणाली, कुणी नाही. टेप संपेपर्यंत चालू ठेव. काठाला म्हशी धुणारा एक माणूस होता, तो मध्ये येऊ नये म्हणून मी त्याला कानडीत थांबायला सांगितलं. तो थांबला.

दोन दिवसांनी ती दोघं गोव्यामार्गे गेली. मी कार्यालयात परतलो.

२००५ साली तिने एक डीव्हीडी पाठवली. वहिनींकडे प्लेअर नव्हता. शेजारच्यांचा आणून रविवारी लावला. चित्रपट स्वीडिश आणि फारसीत होता, खाली इंग्रजी अक्षरं. मी होईल तेवढं सांगत होतो. सुरुवातीला नाटकातलं ते वाक्य तिच्याच आवाजात होतं. नंतर पहिल्या दिवसाची टेप होती. अक्का दारात हो म्हणतात आणि आत ये म्हणतात. त्यानंतर मुंजीचा फोटो. मग चिकूखालचं सगळं, देवघरात ऊन कुठलं, इथपर्यंत. त्यातलं काही गाळलेलं नव्हतं. शेवटी तळं होतं, बराच वेळ, माणूस नसलेलं.

साडीतला प्रसंग आला तेव्हा अक्का पुढे सरकून बसल्या.

"ही मी का?"

"हो अक्का."

"पदर असा खोचतं का कुणी?" थोडं बघून म्हणाल्या, "हात बरा केलाय."

नात आता सात वर्षांची होती. तिने स्वतःला ओळखलं नाही.

चित्रपट पुढे कुठे कुठे दाखवला गेला, मला माहीत नाही. गोथेनबर्गच्या बायकांनी केसांत अंकुर खोचणं बंद केलं की चालू ठेवलं, हेही कळलं नाही. मी विचारलं नाही.

२००७ साली, श्रावणात, अक्का गेल्या. वहिनींनी मला फोन केला आणि परदेशातला नंबर मागितला. माझ्याकडे होता. एसटीडी बूथवरून आम्ही दोघांनी फोन लावला. वहिनींनी मराठीत सांगितलं, मी इंग्रजीत. मग तिने एक प्रश्न विचारला: यंदा घट बसणार का?

मी वहिनींना विचारलं. त्या म्हणाल्या, वर्षाच्या आत सण नाहीत, गोडधोड नाही. पण घट कुळाचार आहे, तो चुकवत नाहीत. बसणार. मी बसवणार.

मी तसं सांगितलं. त्या वर्षी घट बसला. दसऱ्याला नातीच्या केसांत धान वहिनींनी खोचलं. मी तिथे होतो. त्यांनी आधी मुळं झटकली.